एजन्सीची नोकरी की घरून फ्रीलान्स? गोव्यात कॉपीरायटर होऊ पाहणाऱ्यांसाठी

जाहिरातीचा मजकूर लिहून पोट भरतं का, असं डिचोली, पेडणे, फोंड्याकडची मराठीत शिकलेली मुलं हल्ली विचारतात. भरतं. अवघड असतो तो पुढचा निर्णय: पणजीतल्या एखाद्या एजन्सीत पगारावर बसायचं, की घरूनच गोव्यातल्या आणि बाहेरच्या क्लायंटची कामं घ्यायची? माझं मत आधीच सांगते. पहिली दोन-तीन वर्षं अशा ठिकाणी काढा, जिथे तुमची ओळ खोडणारा माणूस बसलेला असेल. बहुतेकांना तो एजन्सीत भेटतो, पण सगळ्याच एजन्सींत तो असतो असं नाही.

खोडणारा माणूस का हवा, ते उदाहरणानेच सांगते. फोंड्याजवळच्या एखाद्या कुळागराची, म्हणजे सुपारी-मसाल्यांच्या बागेची, जाहिरात करायची आहे असं समजा. नवा लेखक लिहितो: ‘निसर्गाच्या कुशीत एक अविस्मरणीय अनुभव.’ ही ओळ आंबोलीच्या हॉटेलला चालेल, केरळच्या रिसॉर्टला चालेल, म्हणजे ती या कुळागराची नाहीच. चांगला वरिष्ठ ती खोडतो आणि विचारतो, तिथे आहे काय? मग लेखक मालकाला फोन करतो, जमलं तर जाऊन येतो, आणि लिहितो: ‘सुपारी, मिरी, जायफळ, एकाच बागेत. पाटाच्या कडेने चाला, मग केळीच्या पानावर जेवा.’ दुसऱ्या मजकुरात कौतुकाचं एकही विशेषण नाही, तरी वाचणाऱ्याला तिथे जावंसं वाटतं. या धंद्यातलं कौशल्य बहुतांशी एवढंच आहे: वस्तूबद्दलची खरी माहिती खणून काढायची आणि तिच्यातली कोणती गोष्ट आधी सांगायची ते ठरवायचं. घरी एकट्याने काम करताना पहिली ओळ क्लायंटला आवडते, तो पैसे देतो आणि तुम्ही तशाच ओळी लिहीत राहता. क्लायंटची पसंती म्हणजे शिक्षण नव्हे, हे फ्रीलान्सने सुरुवात करणाऱ्यांना फार उशिरा कळतं.

आता एजन्सीची दुसरी बाजू. वर्तमानपत्रातली जागा कॉलम सेंटीमीटरच्या हिशेबाने विकली जाते आणि मान्यताप्राप्त एजन्सीला त्यावर परंपरेने १५ टक्के कमिशन मिळतं. छोट्या एजन्सीचा पैसा या जागेतून येतो. मजकूर ‘त्यातच’ लिहून दिला जातो. ज्याचं वेगळं बिल होत नाही, त्याला वेळही दिला जात नाही. चवथीच्या, म्हणजे गणेश चतुर्थीच्या, आधीच्या दिवसांत सोनार, कपड्यांची दुकानं, फर्निचरवाले सगळे एकदम येतात, आणि तुमच्या हातून दिवसभर ‘भव्य सूट’ आणि ‘हार्दिक शुभेच्छा’ एवढंच बाहेर पडतं. अशा जागी दोन वर्षं काढली तरी हात बसत नाही. म्हणून मुलाखतीला गेलात की पगाराच्या आधी हे विचारा: माझा मजकूर छापायला जाण्यापूर्वी कोण वाचेल? उत्तर ‘क्लायंट’ असेल, तर ती जागा तुमच्या उपयोगाची नाही.

पीएफचंही विचारून घ्या. भविष्य निर्वाह निधीचा कायदा साधारणपणे २० किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनांना लागू होतो, आणि पाच-सात जणांची एजन्सी त्याच्या बाहेर राहू शकते. नोकरीची म्हणून जी सुरक्षितता आपण धरून चालतो, तिचा मोठा भाग तिथे नसेलही.

एजन्सीच्या बाजूने एक गोष्ट मात्र गोव्याची खास आहे. इथे एकच जाहिरात अनेकदा इंग्रजी, मराठी आणि कोंकणी अशा तिन्ही भाषांत निघते. १९८७ च्या राजभाषा कायद्याने देवनागरी कोंकणी राजभाषा झाली आणि शासकीय कामात मराठीच्या वापरालाही जागा राहिली. ‘गोमन्तक’, ‘नवप्रभा’, ‘तरुण भारत’ वाचणारा मराठी वाचक आजही मोठा आहे. पण होतं काय, तर इंग्रजी मजकूर आधी मंजूर होतो आणि संध्याकाळी मराठीत ‘करून दे’ म्हणून टेबलावर येतो. ज्याला त्या वेळी ठामपणे म्हणता येतं, की ही कल्पना मराठीत अशी चालणार नाही, मी वेगळी लिहितो, तो एजन्सीत टिकतो आणि वरही जातो. इंग्रजी चांगलं लिहिणारे पणजीत भरपूर मिळतात. मराठी मूळातून लिहिणारे कमी आहेत, हे आपलं बळ आहे.

फ्रीलान्सकडे ओढ वाटते ती स्वातंत्र्यामुळे, आणि ती ओढ खोटी नाही. साखळीसारख्या गावात घरी राहून पुण्याच्या कंपनीची वेबसाइट लिहिता येते, पणजीचं भाडं वाचतं, कदंबच्या बसमधला वेळ वाचतो. पण दर ठरवताना लोक फसतात. समजा तुम्हाला महिन्याला २५ हजार हातात हवेत. महिन्याचे कामाचे २५ दिवस धरून दिवसाला हजार रुपये असा हिशेब केलात, तर उपाशी राहाल. क्लायंट शोधणं, कोटेशन पाठवणं, पैशांसाठी पुन्हा पुन्हा फोन करणं यात निम्मे दिवस जातात. बिलात उतरणारे दिवस १२ च धरा, म्हणजे दर २,१०० च्या आसपास येतो. त्यात आजारपण, इंटरनेट, लॅपटॉपची दुरुस्ती अजून आलेली नाही. कंपन्या व्यावसायिक शुल्कावर अनेकदा १० टक्के टीडीएस, म्हणजे आधीच वजा केलेला आयकर, कापतात. तो विवरणपत्र भरल्यावर हिशेबात धरला जातो, पण तोपर्यंत ते पैसे हातात नसतात. जीएसटीची काळजी सुरुवातीला नको. सेवा देणाऱ्यांसाठी गोव्यात नोंदणीची मर्यादा वर्षाला २० लाखांची आहे.

गोव्यातलं फ्रीलान्सचं काम मोसमी असेल आणि पावसात मरेल, ही भीती मात्र अर्धीच खरी. पर्यटक ऑक्टोबरनंतर येतात, पण त्यांच्यासाठीचा मजकूर त्याआधी लिहावा लागतो. वेबसाइट, मेनू, माहितीपत्रकं ही कामं पावसाळ्यातच मागायला जा. हॉटेल भरलेलं असताना मॅनेजरकडे तुमच्यासाठी वेळ नसतो.

मालकी हक्काचा फरक फार कमी जणांना माहीत असतो. कॉपीराइट कायदा, १९५७ नुसार नोकरीत, कामाचा भाग म्हणून लिहिलेल्या मजकुराचा पहिला मालक वेगळा करार नसेल तर नोकरी देणारी कंपनी असते. फ्रीलान्सर मात्र स्वतःच्या मजकुराचा पहिला मालक असतो, आणि हक्क द्यायचे तर ते लेखी द्यावे लागतात. त्या लेखी करारात मुदत लिहिली नसेल तर ५ वर्षं धरली जातात. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणून ‘पूर्ण रक्कम मिळाल्यावर हक्क हस्तांतरित होतील’ हे एक वाक्य प्रत्येक कोटेशनमध्ये घाला. बिल थकवणाऱ्या क्लायंटशी बोलताना त्याच्याइतकं उपयोगी काही नाही. अर्धी रक्कम आगाऊ आणि दुरुस्तीच्या दोनच फेऱ्या, हेही त्यातच येऊ द्या.

कायद्याचं ओझं दोन्हीकडे असतं, फक्त एकट्या माणसाला ते एकट्याने पेलावं लागतं. गोव्यात बिल्डरांचं काम बरंच असतं. घरबांधणी प्रकल्पांसाठीच्या २०१६ च्या रेरा कायद्याप्रमाणे प्रकल्पाच्या जाहिरातीत नोंदणी क्रमांक आणि प्राधिकरणाच्या वेबसाइटचा पत्ता हवाच, आणि खोट्या जाहिरातीवर विसंबून पैसे भरलेला ग्राहक भरपाई मागू शकतो. ‘समुद्र पाच मिनिटांवर’ लिहिण्याआधी स्वतः जाऊन बघा, रहदारीच्या वेळी. मद्याचं काम आलं तर आणखी सावध राहा: २०२२ च्या ग्राहक संरक्षण मार्गदर्शक तत्त्वांनी सोड्याच्या नावाने दारूची जाहिरात करण्यासारखे आडमार्ग बंद केले आहेत. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीसाठी उत्पादकाला १० लाखांपर्यंत आणि पुन्हा केल्यास ५० लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. असा दंड ज्याला होईल, तो क्लायंट तुमच्याकडे परत येणार नाही.

हॉटेल किंवा औषध कंपनीच्या मार्केटिंग खात्यातली नोकरी हा तिसरा पर्याय. पगार वेळेवर, कायदा सांभाळायला वेगळी माणसं, पण वर्षानुवर्षं एकाच वस्तूबद्दल लिहायचं. सुरुवातीला मी तो सुचवणार नाही.

वर्णनं, कॅप्शन, ठरावीक ईमेल ही स्वस्त कामं आता यंत्रं करू लागली आहेत, आणि नवखा फ्रीलान्सर नेमका त्याच कामांवर जगायचा. एजन्सीकडे माझा कल आहे त्याचं हेही एक कारण. ज्यांच्याकडे आधीच संपादनाची शिस्त आहे, म्हणजे वर्तमानपत्रात उपसंपादक म्हणून काम केलेले, भाषांतर करणारे, नाटकाचे संवाद लिहून तालमीत ते कापलेले, त्यांनी खुशाल थेट फ्रीलान्स सुरू करावं. त्यांची ओळ खोडून झालेली आहे.

बाकीच्यांनी एजन्सीत अर्ज करताना शैक्षणिक प्रमाणपत्रांच्या वर तीन नमुने ठेवावेत: गावातल्या खऱ्या दुकानाची एक जाहिरात, एका होमस्टेच्या वेबसाइटचं एक पान आणि रेडिओसाठी तीस सेकंदांचा मजकूर. तिन्ही मराठीतच सुचलेले असावेत, आणि प्रत्येकाखाली ती माहिती कोणाशी बोलून मिळवली ते दोन ओळींत लिहावं. वाचणारा जाणकार असेल तर त्या दोन ओळींवरच जास्त प्रश्न विचारील.