भीमबेटका-रातापानी सहल : आखणी चांगली, वेळेचे वाटप चुकीचे

नाशिकमधील एका सहल कंपनीबरोबर या हिवाळ्यात मध्य प्रदेशातील प्राचीन खडकचित्रांचे भीमबेटका आणि तेथील रातापानी जंगल यांची सहल केली. नाशिकरोडहून रात्रीची गाडी, भोपाळला मुक्काम आणि तेथून सुमारे ४५ किलोमीटरवरील भीमबेटका ही आखणी सोयीची होती, निवास व जेवणही चोख होते. माझा आक्षेप आहे तो वेळेच्या वाटपावर.

२००३ पासून जागतिक वारसा यादीत असलेल्या या टेकड्यांवरील पर्यटकांसाठी खुल्या शैलाश्रयांना (चित्रे असलेल्या खडकांच्या नैसर्गिक आडोशांना) कार्यक्रमात जेमतेम दीड तास होता, आणि तोही भर दुपारचा. 'झू रॉक' या एकाच आश्रयात सुमारे २५० प्राणी रंगवलेले आहेत. पांढऱ्या आणि गेरूच्या लाल आकृत्या तेथे एकमेकींवर चढलेल्या आहेत. प्रथम नुसती गर्दी भासते, आणि नजर स्थिरावल्यावर मग हत्ती, सांबर, त्यांच्यामधून जाणारे घोडेस्वार असे एकेक रूप सुटे होऊ लागते. नेमके तेव्हाच आम्हाला पुढे चला म्हणून सांगण्यात आले. अनेक पिढ्यांनी एकाच खडकावर केलेले हे काम असे घाईने उरकणे मनाला लागले.

स्थानिक मार्गदर्शक मात्र उत्तम होते. 'ऑडिटोरियम' गुहेच्या छताजवळील ठशाला २०२१ मध्ये अतिप्राचीन जीवाश्म मानले गेले होते, परंतु पुढील तपासणीत ते मधमाश्यांच्या जुन्या पोळ्याचे अवशेष ठरले, हे त्यांनी आपणहून सांगितले. भीमबेटका प्रकाशात आणणारे पुरातत्त्वज्ञ विष्णू श्रीधर वाकणकर यांना १९५७ मध्ये हे खडक प्रथम रेल्वेच्या डब्यातून दिसले होते. नाशिकहून जाणारी गाडीही इटारसी ओलांडल्यावर याच परिसरातून भोपाळकडे जाते. कंपनीने प्रवाशांना एवढे आधी कळवले असते, तर सगळेच खिडकीशी बसले असते.

सकाळची थंड वेळ रातापानीतील जीपफेरीला दिली होती. २०२४ च्या डिसेंबरमध्ये व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा मिळालेले हे सागाचे जंगल देखणे आहे आणि वाघ न दिसल्याची मला खंत नाही. पण चित्रांतील माणसे ज्या रानात शिकार करीत होती, ते हेच रान. त्यामुळे सकाळी शैलाश्रय आणि दुपारनंतर जंगल असा क्रम हवा. कंपनी तो बदलत नाही तोवर भोपाळहून स्वतंत्र गाडी ठरवावी, प्रवेशद्वाराशी स्थानिक मार्गदर्शक घ्यावा आणि निदान चार तास हाताशी ठेवावेत.