विमानप्रवासात विणकाम: हाताशी काय ठेवावं, चेक-इनमध्ये काय टाकावं

विमानात विणायला बसायचं म्हटलं की पहिला प्रश्न एकच: सुया नेऊ देतात का? बऱ्याच ठिकाणी देतात. अमेरिकेत विमानतळांवर तपासणी करणाऱ्या टीएसए या सरकारी संस्थेच्या यादीनुसार विणकामाच्या सुया केबिन बॅगेतही चालतात आणि चेक-इनमध्येही. ब्रिटन आणि कॅनडातही हातातल्या सामानात त्यांना परवानगी आहे. मात्र हीच टीएसए हेही सांगते की शेवटचा निर्णय तपासणीला उभ्या असलेल्या अधिकाऱ्याचा. त्यामुळे नियम वाचून झाले की स्वतःला आणखी एक प्रश्न विचारावा: ही वस्तू तिथे काढून घेतली, तर माझं नेमकं काय जाईल? खाली केलेली तुलना याच प्रश्नावर बेतलेली आहे.

सरळ सुया की सर्क्युलर?

लांब सरळ सुयांची जोडी घरच्या खुर्चीत झकास. इकॉनॉमीतली सीट मात्र साधारण 43 ते 46 सेंटीमीटर रुंद असते. त्यात 35 सेंटीमीटरच्या दोन सुया धरल्या की तुमची कोपरं आणि सुयांची टोकं, दोन्ही शेजाऱ्यांच्या हद्दीत. विणलेल्या कापडाचा भार सुईच्या दांड्यावर, म्हणजे तुमच्या मनगटावर येतो. आणि एखादी सुई हातातून निसटली की घरंगळत कुठल्या सीटखाली जाईल सांगता येत नाही. त्यातून पट्टा बांधायची सूचना चालू असेल तर वाकून शोधायचीही सोय नाही.

सर्क्युलर सुईत हे तिन्ही त्रास जवळपास संपतात. दोन्ही बाजूंना आखूड टोकं, मध्ये लवचीक केबल. कापड मांडीवर विसावतं, कोपरं अंगालगत राहतात, एक टोक सुटलं तरी केबलला लटकत राहतं. सर्क्युलर म्हणजे फक्त टोप्या आणि गळपट्ट्या, असा एक समज उगाचच पसरलाय. ओळ संपली की काम उलटवून परत विणत आलं की सपाट वीणही तिच्यावर आरामात होते. मोजे विणायचे तर 80 ते 100 सेंटीमीटरची केबल घ्या आणि जास्तीची केबल मधून लूपसारखी बाहेर काढून विणा.

मोज्यांसाठी दोन्ही टोकं मोकळ्या असलेल्या चार-पाच सुयांचा संच बरेच जण वापरतात. जमिनीवर ठीक आहे. हवेत मला तो सगळ्यात गैरसोयीचा पर्याय वाटतो: टाके दोन्हीकडून घसरू शकतात, आणि एक सुई हरवली की कामाची लय गेलीच.

माझं मत सुट्या टोकांच्या, म्हणजे टोकं केबलला पेचाने जोडता-काढता येणाऱ्या सर्क्युलरच्या बाजूने आहे, आणि त्याचं कारण थेट तपासणीच्या टेबलापाशी दिसतं. अधिकाऱ्याने सुयांना नकार दिलाच, तर टोकं पेचातून फिरवून काढायची, केबलच्या दोन्ही बाजूंना बुचासारख्या छोट्या टोप्या लावायच्या आणि टोकं त्याच्या हवाली करायची. टाके केबलवर जसेच्या तसे राहतात. उतरल्यावर त्या मापाची टोकं मिळाली की काम पुढे सुरू. साध्या, जोडलेल्या सर्क्युलरमध्ये ही सोय नाही. सुई गेली की टाके उघडे. या सुटसुटीतपणाची किंमत म्हणजे विणता विणता पेच हळूहळू सैल होतो आणि जोडावर टाका अडकतो. म्हणून घट्ट करायची बारीक किल्ली सोबत असू द्या. अख्खा सेट मात्र केबिनमध्ये नेऊ नका. चालू कामाची एक जोडी, दोन टोप्या, बस्स.

जोडलेली सर्क्युलरच असेल तर घरून निघण्याआधी वेगळ्या रंगाचा गुळगुळीत सुती दोरा बोथट सुईने सगळ्या टाक्यांतून ओवून ठेवा. सुई काढावी लागली तरी वीण त्या ओळीखाली उसवणार नाही. नाजूक जाळीदार शालीसाठी तर हे करावंच.

धातू, बांबू की प्लॅस्टिक?

स्कॅनरच्या पडद्यावर सेंद्रिय वस्तू नारिंगी छटेत आणि धातू निळसर दिसतात. धातूची सुई त्यामुळे ठळक उठून दिसते. बेकायदा नसली तरी बॅग उघडून पाहण्याला निमित्त मिळतं. बांबूची सुई लोकरीच्या गुंड्यात बरीच मिसळून जाते. विणतानाही बांबू टाके धरून ठेवतो, हे धक्के बसणाऱ्या विमानात सोयीचं, आणि टकटक आवाजही करत नाही. धातूवर वेग नक्कीच जास्त मिळतो; घट्ट टाके घालणाऱ्यांना बांबूवर कंटाळा येतो, हेही खरं. बारीक बांबूची सुई चुकून बुडाखाली आली तर मोडते. प्लॅस्टिक हलकं आणि स्वस्त, पण 3 मिलीमीटरच्या खाली वाकायला लागतं.

क्रोशा

काढून घेण्याच्या भीतीचा विचार केला तर क्रोशाचं काम विणकामापेक्षा निश्चिंत. एका वेळी एकच टाका उघडा असतो. त्यात कुलूपवाला प्लॅस्टिकचा मार्कर, म्हणजे टाक्याला लावायची छोटी कडी, अडकवला की काम सुरक्षित, मग सुई राहो न राहो. एकच छोटी सुई, एकाच हाताची हालचाल, शेजाऱ्याला त्रास नाही. तुम्हाला दोन्ही येत असेल आणि विमानतळ नवखा असेल, तर मी क्रोशाच सुचवेन.

कात्रीचं काय?

खरी गंमत इथे आहे, कारण सुयांपेक्षा कात्रीच जास्त अडते. अमेरिकेत पात्याच्या खिळ्यापासून 4 इंचांपेक्षा कमी लांबीची कात्री केबिनमध्ये चालते. युरोप, ब्रिटन आणि कॅनडात मर्यादा 6 सेंटीमीटर. म्हणजे निघताना पास झालेली कात्री विमान बदलताना पुन्हा तपासणी झाली की नापास होऊ शकते. गळ्यात घालायचा गोल लटकनासारखा दोरा कापणारा कटर दिसायला निरुपद्रवी, पण आत पातं असल्यामुळे टीएसए तो केबिनमध्ये घेऊ देत नाही. नेलकटर मात्र चालतो, आणि लोकर कापायला तो पुरतो. चांगली भरतकामाची कात्री चेक-इनमध्येच टाका. धाग्याची शेवटची टोकं उतरल्यावर कापली म्हणून काही बिघडत नाही.

केबिन की चेक-इन?

सुया जप्त होऊ शकतात, बॅग हरवू शकते. दोन्ही धोके वेगळ्या ठिकाणी आहेत, म्हणून सामानही वाटून ठेवायचं. अर्धं झालेलं काम आणि त्याच लॉटची, म्हणजे एकाच वेळी रंगवलेली लोकर केबिनमध्ये. तो लॉट पुन्हा मिळेलच असं नाही. महागडा सुयांचा सेट, कात्री, कटर चेक-इनमध्ये, टोकं झाकून, कडक डबीत. हातात ठेवायची सुई अशी असावी की गेली तर हळहळ वाटेल पण झोप उडणार नाही.

कोणतं काम न्यावं?

अर्धवट स्वेटर आणि मोजे यांत मोजेच. 100 ग्रॅम बारीक लोकर, साधारण 400 मीटर, एका जोडीला सहसा पुरते आणि मुठीएवढ्या पिशवीत मावते. टाके घालून पहिली काही सेंटीमीटर वीण घरीच करून घ्या. घोषणा चालू असताना 64 टाके मोजणं वैतागाचं काम आहे. गडद रंग टाळा, केबिनचे दिवे मंद झाले की काळ्या लोकरीचा उलटा-सुलटा टाका ओळखता येत नाही. केबिनमधली हवा फार कोरडी असते, बोटांची त्वचा खरखरीत होते आणि रेशीम मिसळलेला धागा तिला अडकतो. साधी, किंचित जाड पिळाची लोकर बरी. लडी असेल तर गुंडा आधीच गुंडाळून घ्या, आणि मधून धागा निघेल असा गुंडाळा, म्हणजे तो सीटखाली पळत सुटणार नाही.