जमात पडताळणी समितीच्या कार्यालयातील चौदा महिने

माझ्या पुतणीची अनुसूचित जमातीसाठी राखीव असलेल्या लिपिकाच्या जागेवर निवड झाली आणि नियुक्तीपत्रात सहा महिन्यांच्या आत जमातीचे वैधता प्रमाणपत्र, म्हणजे जमातीचा दाखला तपासून खरा ठरवल्याचे प्रमाणपत्र, सादर करण्याची अट आली. आम्ही ठाकर; अनुसूचित जमातींच्या यादीत ठाकूर आणि ठाकर ही नावे एकाच नोंदीत आहेत. त्या प्रमाणपत्रासाठी तपासणी समितीच्या ज्या कार्यालयात मी चौदा महिने खेटे घातले, तिथल्या सेवेबद्दल हे लिहीत आहे. कारण बाहेरच्या बाकावर ताटकळणाऱ्या बहुतेकांना आपल्याकडून नेमके काय हवे आहे, हेच कोणी सांगितलेले नव्हते.

अर्ज संगणकावर भरला जातो आणि पोच लगेच मिळते, त्याबद्दल तक्रार नाही. खरी परीक्षा पुराव्यांची असते. राज्यात 2001 पासून लागू असलेल्या कायद्यानुसार जमात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावरच आहे, आणि अनुसूचित जमातींची राष्ट्रपतींची पहिली यादी 6 सप्टेंबर 1950 ची असल्यामुळे त्यापूर्वीच्या नोंदीला सर्वांत जास्त वजन असते. जंगलाच्या कडेला राहणाऱ्या, शाळेचे तोंडही न पाहिलेल्या माणसांच्या नातवंडांनी असा कागद आणायचा कुठून, हा प्रश्न मला रोज छळत असे. तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षातील कोतवाल बुकात, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदवहीत, काही हाती लागले नाही. शेवटी गावच्या शाळेच्या जुन्या रजिस्टरात आजोबांच्या थोरल्या भावाची 1938 सालची नोंद सापडली. जातीच्या रकान्यात ‘ठाकर’ असे लिहिलेले, शाई तपकिरी पडलेली आणि शेवटचे ‘र’ नेमके कागदाच्या घडीत विरलेले.

समितीसाठी प्रत्यक्ष चौकशी करणाऱ्या दक्षता पथकाचे अधिकारी स्वतः त्या शाळेत गेले. त्यांनी मागची-पुढची पाने उलटून शाई, वळण आणि अनुक्रमांक जुळतात का ते पाहिले, मुख्याध्यापकांचा जबाब घेतला आणि घरी येऊन वंशावळीतील एकेक नाव पडताळले. ही कसून झालेली तपासणी मला मनापासून पटली. नामसाधर्म्याचा किंवा खाडाखोड केलेल्या दाखल्याचा आधार घेऊन आदिवासींच्या जागा इतरांनी वर्षानुवर्षे बळकावल्या आहेत. अशा नोकऱ्यांना संरक्षण देता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये बजावल्यानंतरही राज्य शासनाने 21 डिसेंबर 2019 च्या निर्णयाने दावा अवैध ठरलेल्या कर्मचाऱ्यांना 11 महिन्यांसाठी अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येबाहेर जादा निर्माण केलेल्या, पदांवर ठेवले. त्यामुळे कागद कितीही बारकाईने तपासा, त्याला आमची ना नाही.

नाराजी आहे ती आप्तभाव चाचणीबद्दल, म्हणजे जमातीच्या चालीरीती विचारून अर्जदाराचे जमातीशी नाते जोखणाऱ्या चाचणीबद्दल. शहरात जन्मलेल्या आणि वसतिगृहात राहून शिकलेल्या मुलीला लग्नातील विधी, कुलदैवत, मृत्यूनंतरचे संस्कार असे प्रश्न विचारले गेले. दोन उत्तरांना ती अडखळली, आणि तेवढ्यावरून ‘आप्तभाव दिसून येत नाही’ असा शेरा अहवालात उमटला. ही चाचणी म्हणजे निर्णायक कसोटी नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 24 मार्च 2023 रोजी ठाकूर जमातीच्या दाव्यांसंबंधीच्याच प्रकरणात स्पष्ट केले आहे. आम्ही लेखी खुलाशासोबत तो निकाल जोडला. सुनावणीत सदस्यांनी तो शांतपणे वाचला, 1938 ची नोंद ग्राह्य धरली आणि दावा वैध ठरवला. निर्णय योग्य झाला, हे मला नमूद केलेच पाहिजे.

मात्र त्या सुनावणीपर्यंत पोहोचायलाच वर्ष उलटले. पथकाचा अहवाल आल्यानंतर फाइल चार महिने एकाच टेबलावर पडून होती आणि दोन तारखा तर सदस्य हजर नसल्यामुळे फुकट गेल्या. ज्या 1994 च्या निकालातून आजची पडताळणीची पद्धत आकाराला आली, त्यातच चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांत संपवावी असे सांगितलेले आहे. इकडे पुतणीची सहा महिन्यांची मुदत संपली आणि तिला दोनदा मुदतवाढीचा अर्ज करावा लागला. नोकरी जाते की राहते या काळजीत तिने जे दिवस काढले, त्यांची भरपाई कोणत्याही प्रमाणपत्राने होणार नाही.

खिडकीवरील कर्मचारी उद्धट नव्हते. मोडीतील एक जुना उतारा घेऊन आलेल्या म्हाताऱ्या बाबांना तो वाचून दाखवण्यासाठी तिथला एक लिपिक जेवणाच्या सुट्टीतही जागेवर बसून राहिलेला मी पाहिला. पण कागदपत्रांची यादी भिंतीवर लावलेली नाही, आणि दलाल मात्र फाटकाशीच उभे असतात. त्यांना एक रुपयाही देऊ नये. शाळेचा आणि महसुली नोंदींचा प्रमाणित उतारा स्वतः काढावा, प्रत्येक अर्जाची पोच जपावी आणि रक्ताच्या नात्यातील कोणाला वैधता मिळालेली असल्यास ती वंशावळीसह अगदी सुरुवातीलाच जोडावी.

पुतणीच्या धाकट्या भावाचा अर्ज आम्ही गेल्या महिन्यात त्याच कार्यालयात दिला आहे, बहिणीचे प्रमाणपत्र पहिल्याच पानावर लावून.