समेची वाट पाहायला लावणारा ड्रमवादक : लुईस मोहोलो यांचा ‘स्पिरिट्स रिजॉइस!’

दक्षिण आफ्रिकेचे जॅझ ड्रमवादक लुईस मोहोलो-मोहोलो १३ जून २०२५ रोजी गेले, आणि त्यांचा १९७८ साली ध्वनिमुद्रित झालेला ‘स्पिरिट्स रिजॉइस!’ हा अल्बम पुन्हा पहिल्यापासून ऐकावा असे मी ठरवले. माझ्याकडे ओगन कंपनीचा दोन सीडींचा संच आहे. एका सीडीवर हा अल्बम, तर दुसरीवर मोहोलो यांच्या पुढील काळातील ‘विवा ला ब्लॅक’ या ताफ्याचे वादन आहे. लातूरमधील आमच्या पत्र्याच्या घरात दिवसा पंख्याच्या आवाजापुढे काहीच नीट ऐकू येत नाही, म्हणून गेले दोन आठवडे रात्रीची जेवणे उरकल्यावर मी तो लावतो आहे.

या संगीताचा पीळ कळायचा तर मोहोलो यांचे आयुष्य थोडे माहीत असावे लागते. त्यांचा जन्म १९४० साली केप टाउनमध्ये झाला आणि लांगा या कृष्णवर्णीयांच्या वसाहतीत ते वाढले. ते ज्यात ड्रम वाजवत त्या ‘ब्लू नोट्स’ या सहा जणांच्या ताफ्यात पियानोवादक क्रिस मॅकग्रेगर गोरे आणि बाकीचे पाचही जण कृष्णवर्णीय होते. वर्णभेदाच्या कायद्यांखाली अशा ताफ्याला एकत्र राहणे, प्रवास करणे आणि उघडपणे वाजवणे दिवसेंदिवस अशक्य होत गेले. १९६४ मध्ये फ्रान्समधील आंतिब येथील जॅझ महोत्सवाच्या निमित्ताने ते देशाबाहेर पडले, पुढे झुरिकला राहिले आणि १९६५ मध्ये लंडनला पोहोचले. मोहोलो तेव्हा पंचविशीत होते. कायमचे राहण्यासाठी ते लांग्याला परतले ते थेट २००५ मध्ये.

डिसेंबर १९७५ मध्ये त्यांचा ट्रम्पेटवादक सोबती मोंगेझी फेझा लंडनमध्ये अवघ्या तिसाव्या वर्षी वारला. ‘स्पिरिट्स रिजॉइस!’मधील माझ्या मते सर्वांत थोर रचना याच फेझाची आहे. तिच्या लांबलचक इंग्रजी नावाचा आशय असा, की तुम्ही मला ओळखता असे तुम्हांला वाटते, म्हणूनच तुम्ही मला कधी ओळखणार नाही. चाल अगदी लहान, एखाद्या अभंगाच्या ध्रुवपदाएवढी आहे. ट्रम्पेट, सॅक्सोफोन आणि दोन ट्रॉम्बोन (सरकत्या नळीची, खर्जातली पितळी वाद्ये) ती पुन्हापुन्हा आळवतात आणि प्रत्येक आवर्तनात ती अधिक भरदार होत जाते. तिच्या खाली मोहोलो ठेका धरून बसत नाहीत. स्नेअर या कडक आवाजाच्या छोट्या ड्रमवर काठ्यांची घुमारदार लड सुटते, झांजांचा झणत्कार विरण्याआधीच दुसरा येऊन त्यात मिसळतो, आणि वरची चाल शांत असताना खालची जमीन सतत हलत राहते.

आमचे आप्पा चाळीस वर्षे दिंडीत मृदंग वाजवत आले आहेत. तिसऱ्या रात्री ते माझ्या शेजारी येऊन बसले, मांडीवर बोटाने मात्रा मोजू लागले आणि थोड्या वेळाने म्हणाले, “ह्याची सम कुठंय रे?” आवर्तनाची पहिली मात्रा, म्हणजे सम, कुठे पडते ते मला सांगता आले नाही. त्यांचे बोट थांबले, पण ते उठले नाहीत. चाल पुन्हा वर आली तेव्हा त्यांनी मान डोलावली आणि “धरलीय त्यानं, दाखवत न्हाई,” एवढेच बोलले. या वादनाविषयी मी वाचलेल्या पानापानांपेक्षा हे वाक्य मला अधिक अचूक वाटते. तुळजापूरच्या गोंधळात संबळ ऐकलेल्या माणसाला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही, कारण तिथेही संबळवादक केवळ साथ करत नाही, तो गोंधळ्याला पुढे ढकलत नेतो.

हा आठ वादकांचा ताफा असून त्यांपैकी मोहोलो, जॉनी डायनी आणि हॅरी मिलर हे तिघे दक्षिण आफ्रिकेचे आहेत. पियानोवर कीथ टिपेट, टेनर सॅक्सोफोनवर इव्हान पार्कर आणि ट्रम्पेटवर केनी व्हीलर आहेत. डायनी आणि मिलर दोघेही डबल बास, म्हणजे उभे धरून वाजवायचे खर्जाचे मोठे तंतुवाद्य, वाजवतात, आणि इथे मला एक उणीव जाणवते: ठरलेली चाल सोडून केलेले मुक्त वादन ऐन भरात आले की दोन बासांचे स्वर एकमेकांत मिसळून जातात आणि ट्रॉम्बोनही त्यात बुडतात. ‘खान्या आफो उखोना’, म्हणजे ‘जिथे असशील तिथे उजळत राहा’, ही दक्षिण आफ्रिकेतील झोसा भाषेतील नावाची रचना मात्र स्वच्छ ऐकू येते. घर सुटलेल्या माणसांनी हे नाव जवळ बाळगावे, यात मला नवल वाटत नाही.

मोबाइलच्या स्पीकरवर हा अल्बम ऐकू नये. झांजांचा नुसता खरखराट उरतो आणि मोठ्या ड्रमचा घुमारा नाहीसा होतो. साधे पण बरे हेडफोन पुरतात. जॅझ कधीच न ऐकलेल्यांनी फेझाच्या रचनेपासून आरंभ करावा, ती सलग दोनदा ऐकावी आणि दुसऱ्या वेळी केवळ ड्रमकडे कान द्यावा. दुसरी सीडी मी अजून पुरती ऐकलेली नाही, कारण आप्पा रोज रात्री पहिलीच लावायला सांगतात.