बेळगाव जिल्ह्यातली पीडित भरपाई सेवा: मोफत आणि कामाची, पण आदेशाची भाषा नीट वाचा

‘आधी आरोपीला शिक्षा होऊ दे, मग भरपाईचं बघू.’ लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात खानापूर-निपाणीकडे हा सल्ला सर्रास मिळतो आणि बाईचं सगळ्यात जास्त नुकसान तोच करतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणामार्फत मिळणारी भरपाई शिक्षेवर अवलंबून नाही. एफआयआर झाला की अर्ज करता येतो. आरोपी सापडलाच नाही किंवा निर्दोष सुटला, तरी हा मार्ग बंद होत नाही. मुदत मात्र आहे: घटनेपासून किंवा खटला संपल्यापासून ३ वर्षं.

सेवेची मोठी जमेची बाजू म्हणजे वकील फुकट मिळतो. १९८७ च्या विधी सेवा कायद्यात महिला आणि मुलांना उत्पन्नाची अट नाही, त्यामुळे कुणी उत्पन्नाचा दाखला मागितला तर हा कायदा दाखवावा. बेळगावला जाणं जमत नसेल तर तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत जा, किंवा १५१०० ला फोन लावा.

राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या २०१८ च्या योजनेत बलात्कारासाठी ४ ते ७ लाख आणि सामूहिक बलात्कारासाठी ५ ते १० लाख रुपये आहेत. पीडिता अल्पवयीन असेल तर रक्कम ५० टक्के जास्त. पोक्सोच्या (मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराचा कायदा) खटल्यात विशेष न्यायालय एफआयआरनंतर कधीही अंतरिम, म्हणजे निकालाआधीची, भरपाई देऊ शकतं आणि आदेश पोचल्यापासून ३० दिवसांत ती मिळायला हवी.

आता खरी मेख. निकालपत्रात दोन तऱ्हेचे पैसे असू शकतात. ‘दंडाच्या रकमेतून पीडितेला अमुक द्यावे’ असं लिहिलेलं असेल, तर आरोपी उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात अपिलात गेला की अपिलाचा निकाल लागेपर्यंत ते पैसे हातात पडत नाहीत. राज्याच्या निधीतून मिळणाऱ्या भरपाईला ही आडकाठी नाही. म्हणून युक्तिवाद संपण्याआधीच सरकारी वकिलांना सांगा, की भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३९६ खाली (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं ३५७ अ) प्राधिकरणाकडे शिफारस करणारं वाक्य निकालात वेगळं मागा. सैबाज शेख प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ४ नोव्हेंबर २०२४ ला सेशन कोर्टांना नेमकं हेच बजावलं आहे. त्या एका वाक्यावाचून कितीतरी बायका वर्षानुवर्षं ताटकळत राहतात.

अर्जाला एफआयआरची नक्कल (ती पीडितेला मोफत मिळते), असेल तर वैद्यकीय अहवाल, आधार आणि पासबुक जोडा. अर्ज अडतो तो बहुतेक नावावर. एफआयआरमध्ये माहेरचं नाव, आधारवर सासरचं, पासबुकात आडनावाचं नुसतं आद्याक्षर. तिन्ही नावं एकाच बाईची असल्याचं प्रतिज्ञापत्र पहिल्याच दिवशी जोडा. खातं जुन्या सिंडिकेट बँकेतलं असेल तर पासबुक बदलून घ्या. कॅनरा बँकेत विलीनीकरण झाल्यावर जुने आयएफएससी कोड १ जुलै २०२१ पासून बंद झाले आणि त्या कोडवर पाठवलेली रक्कम जमा होत नाही.

राज्यघटनेच्या कलम ३५० प्रमाणे मराठीतला अर्जही चालतो. पण चौकशीचे कागद कन्नडमध्ये फिरतात, तेव्हा सोबत कन्नड भाषांतर दिलेलं बरं. कन्नड जबाब मराठीत वाचून दाखवल्याशिवाय सही किंवा अंगठा अजिबात देऊ नये. घटना चंदगड किंवा कागलच्या हद्दीत घडली असेल तर एफआयआर बेळगावातही नोंदवता येतो, पण भरपाई महाराष्ट्राच्या मनोधैर्य योजनेतून मागावी लागते.

प्राधिकरणाच्या चौकशीला कायद्याने २ महिने आहेत. तोवर औषधपाण्यासाठी अंतरिम मदत हवी असेल तर ठाणे प्रभारीचं किंवा मॅजिस्ट्रेटचं प्रमाणपत्र पुरतं. ते मागायचं सुचत नाही आणि उपचार उसनवारीवर होतात, ही फार वाईट गोष्ट आहे.

योजनेतली न पटणारी गोष्ट: मंजूर रकमेच्या ७५ टक्के किमान ३ वर्षं मुदत ठेवीत जातात, अल्पवयीन मुलीचे ८० टक्के सज्ञान होईपर्यंत. पैसे नातेवाइकांनी लाटू नयेत हा हेतू रास्त आहे. पण गाव सोडून नव्या जागी घर मांडायचं तर २५ टक्के कसे पुरणार? शिक्षण, उपचार किंवा तातडीच्या गरजेसाठी ठेवीतून पैसे काढायची परवानगी मागता येते, ती जरूर मागा.

रक्कम कमी वाटली तर ३० दिवसांत राज्य प्राधिकरणाच्या अध्यक्षांकडे अपील होतं. आरोपी सुटला, तर पीडितेला स्वतः अपील करता येतं. त्यासाठी उच्च न्यायालयाची आधी परवानगी लागत नाही, हे २०१८ मध्ये कर्नाटकातल्याच मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात ठरलं. निकालपत्राच्या नकलेचा अर्ज निकालाच्या दिवशीच टाका; ती हातात आल्याशिवाय धारवाडच्या वकिलाला अपिलाचे मुद्दे काढता येत नाहीत.