सुशी क्लासच्या नावाखाली टोकियोत आम्हाला कसं गंडवलं

जपानमध्ये कोणी फसवत नाही, पाकीट विसरलं तरी जागेवर सापडतं, हे ऐकतच आपण तिकडे जातो आणि ते बऱ्यापैकी खरंही आहे, लेकीची ट्रेनमध्ये राहिलेली छत्री आम्हाला स्टेशनवर जशीच्या तशी परत मिळाली. पण फक्त टूरिस्टच्या जिवावर चालणारे धंदे जगात सगळीकडे सारखेच, आणि तिकडे गेलं की माणूस आपल्याकडच्यासारखा सावध राहत नाही, म्हणून हे सविस्तर लिहितेय.

लेकीला सुशी बनवायला शिकायचं होतं. मी मूळची मालवणची, मासे बघून घ्यायची सवय, त्यामुळे मलाही उत्सुकता होती, आणि नवरा पक्का शाकाहारी (अंडं तेवढं चालतं). एका बुकिंग साइटवर क्लास सापडला. त्सुकिजी या मासळी मार्केटची टूर, मग मुरलेल्या सुशी शेफच्या हाताखाली भात बनवण्यापासून मासे कापण्यापर्यंत सगळं स्वतःच्या हाताने, ताजी किसलेली वसाबी (सुशीसोबतचा झणझणीत हिरवा कंद), शाकाहारी लोकांसाठी वेगळी सोय, सगळं मिळून दीड तास. माणशी 12,000 येन, तिघांचे 36,000. तेव्हाच्या रेटने साधारण एकवीस हजार रुपये झाले. रिव्ह्यू शेकड्याने आणि जवळपास सगळे पाच स्टार. नवऱ्याने बुकिंगच्या आधी मेसेज करून विचारलं की मासा अजिबात नको, जमेल ना, तर दोन मिनिटांत उत्तर, व्हेजिटेरियन ओके.

भेटायची वेळ दुपारी दीडची. आता त्सुकिजीचं असं आहे की तिथला खरा होलसेल बाजार, तो ट्यूनाचा लिलाव वगैरे, 2018 च्या ऑक्टोबरमध्ये टोकियोतल्याच तोयोसूला हलला. त्सुकिजीला राहिलाय तो बाहेरचा बाजार, गल्ल्यागल्ल्यांतली दुकानं आणि खायचे स्टॉल, आणि तो पहाटेपासून चालतो, दुपारी दोनच्या आसपास बहुतेक शटर खाली येतात. रविवारी आणि बऱ्याच बुधवारी तर बरीच दुकानं बंदच. म्हणजे दीड वाजता मार्केट टूर ठेवणाऱ्याला पक्कं माहीत असतं की दाखवायला काही उरलेलं नसणार. आमच्या टूरमध्ये आम्ही पाण्याने धुतलेले रस्ते, थर्माकोलच्या खोक्यांचे ढीग आणि एक चाकूचं दुकान पाहिलं, तेही बाहेरून. लिस्टिंगमध्ये लिलावाची जागा दाखवू असंही लिहिलेलं होतं. लिलाव तोयोसूला होतो, तोही भल्या पहाटे, आणि जवळून बघायचा तर आधी अर्ज करून लॉटरीत नंबर लागावा लागतो. लिस्टिंगमध्ये त्सुकिजी आणि लिलाव हे दोन शब्द एकत्र दिसले तर तिथेच पान बंद करा.

तर तिथे रस्त्यावर उभं असतानाच खरा डाव झाला, तो आम्हाला नंतर कळला. एक हसतमुख पोरगा टॅब घेऊन आला, म्हणाला ॲलर्जी फॉर्म आहे, सही करा. सगळा फॉर्म जपानीत. मी विचारलं यात काय लिहिलंय, तर म्हणे शेलफिश, शेंगदाणे, असं सगळं, सेफ्टीसाठी लागतं. नवऱ्याने सही केली, मी सवयीने स्क्रीनचा फोटो काढून ठेवला. तेवढ्यात दुसरी मुलगी आली, आम्हाला जपानी सणावारी घालतात तसले निळे हाप्पी कोट घातले, हातात सुशीने भरलेलं मोठं सुंदर ताट दिलं आणि फोटो काढला. ताट लगेच परत घेतलं, ते पुन्हा काही दिसलं नाही. मग म्हणाली आत्ताच पाच स्टार दिले तर चॉपस्टिकचा सेट फ्री. लेकीने मोबाइल काढला आणि देऊन टाकले. अजून क्लासचा दरवाजाही बघितला नव्हता! ते शेकड्याने रिव्ह्यू कुठून येतात ते असं.

क्लास एका जुन्या बिल्डिंगच्या तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत. शेफ म्हणजे विशीतला मुलगा, कोट मात्र कडक इस्त्रीचा. आत गेल्या गेल्या मायक्रोवेव्ह टिंग करून वाजला आणि त्यातून भाताची पाकिटं निघाली. पाकिटं एका बाउलमध्ये ओतली, वर कसलीशी पावडर भुरभुरवली, झाला सुशीचा भात. आम्ही हाताने काय केलं, तर तो भात प्लॅस्टिकच्या साच्यात भरून दाबला, आणि आधीच कापून ठेवलेल्या माशाचे तुकडे वर ठेवले. चाकू होते, भिंतीवर टांगलेले. लेकीने विचारलं आम्ही कापायचं ना, तर म्हणे टाइम नाही. वसाबी ट्यूबमधली. ट्यूबवाली बहुतेक वसाबी म्हणजे हिरवा रंग दिलेलं हॉर्सरॅडिश (एक स्वस्त तिखट मूळ) असते किंवा त्याची भेसळ तरी, खरी किसली की पाऊण तासही ठेवून चालत नाही, तिखटपणा उडून जातो.

मासे बघून माझं डोकं फिरलं. सॅल्मनच्या कडा सुकलेल्या, ट्यूनाचा रंग तपकिरीकडे झुकलेला. हात धुवायच्या निमित्ताने मी सिंककडे गेले तर कचऱ्याच्या डब्यात वरच मासळीचे ट्रे, त्यांवर लाल-पिवळे स्टिकर. आता हे स्टिकर मला माहीत होते. माझी मावसबहीण निशी-कासाईला राहते (टोकियोतली आपल्या लोकांची जुनी वस्ती), तिने आदल्याच दिवशी सुपरमार्केटमध्ये दाखवलं होतं, हे हांगाकु, म्हणजे अर्ध्या किमतीत, रात्री दुकान बंद व्हायच्या आधी उरलेल्या मालावर लावतात. रात्री लावतात! आणि आम्ही बसलो होतो दुपारी अडीचला. म्हणजे कच्चा खायला दिलेला मासा आदल्या रात्रीचा, तोही दुकानदाराने काढून टाकायला ठेवलेला. मी लेकीला हळूच मराठीत सांगितलं, खाऊ नकोस. तो शेफ तिकडे सांगत होता की सॅल्मनची सुशी म्हणजे एडो काळापासूनची दोनशे वर्षांची परंपरा. कच्च्या सॅल्मनची सुशी जपानमध्ये रुजली ती 1980 च्या दशकात नॉर्वेने आपला सॅल्मन खपवायला मोहीम काढली त्यानंतर, हे बहिणीने संध्याकाळी सांगितलं आणि पोट धरून हसली. (त्यावरून आठवलं, आपल्याकडे सॅल्मन म्हणून रावस खपवतात तो वेगळाच मासा, पण तो विषय पुन्हा कधीतरी.)

शाकाहारी सोय म्हणजे काकडी, अव्होकाडो, गोडसर ऑम्लेटचा तुकडा आणि मिसो सूप (आंबवलेल्या सोयाबीनचं). नवऱ्याने दोनदा विचारलं सूपमध्ये मासा नाही ना. नो फिश, नो फिश. प्यायला बिचारा. मिसो सूप साधारणपणे दाशीवर करतात, आणि दाशी म्हणजे बहुतेक वेळा सुकवलेल्या बोनिटो माशाच्या पातळ कापांचा (कात्सुओबुशीचा) अर्क, ऑम्लेटमध्येही बऱ्याचदा तीच घालतात. तुकडा दिसत नाही म्हणून त्यांच्या लेखी ते नो फिश. नवरा दोन दिवस नीट जेवला नाही. हे मात्र सगळ्यांनी लक्षात ठेवा, फसवणूक असो नसो, जपानमध्ये मासा नको एवढं सांगून भागत नाही, दाशी नको, कात्सुओबुशी नको असं नाव घेऊन सांगावं लागतं, आणि त्यातल्या त्यात सुरक्षित म्हणजे काकडीचा रोल.

शेवटी वाकून नमस्कार करून बिल पुढे ठेवलं, 21,000 येन. आम्ही म्हणालो पैसे तर भरलेत. पोराने टॅब फिरवला आणि सही दाखवली. प्रीमियम मासे माणशी 4,000, चाकू आणि एप्रनचं भाडं माणशी 3,000. चाकू, जे भिंतीवरून खाली उतरले नव्हते! आणि प्रीमियम मासे शाकाहारी माणसालाही. आवाज कोणी चढवला नाही, दरवाजात फक्त अजून एक जण हसत उभा राहिला. आम्हाला त्याच संध्याकाळी पुढची शिंकान्सेन (बुलेट ट्रेन) पकडायची होती, सामान बहिणीकडून उचलायचं होतं, लेक रडकुंडीला आलेली, नवऱ्याने कार्ड दिलं. बारा हजाराच्या वर रुपये गेले, शिवाय बँकेचा परकीय चलनाचा चार्ज वेगळा.

बहिणीने मी काढलेला फोटो मोठा करून वाचला. वर ॲलर्जीचे चार प्रश्न खरंच होते. खाली बारीक अक्षरात ते जादा पैसे, आणि समोरचे चौकोन आधीच टिक केलेले. त्याखाली अजून एक ओळ, क्लास वर्णनाप्रमाणे झाला असं मान्य. सही क्लासच्या आधी घेतलेली! ती म्हणाली मला एक फोन करायचास ना, मी त्यांच्याशी जपानीत बोलले असते तर बिल तिथेच फाडलं असतं, कारण हे लोक फक्त जपानी न येणाऱ्यांनाच हे करतात.

परतीच्या वाटेवर आम्ही पुन्हा तिच्याकडे होतो तेव्हा तिने शेजारच्या जपानी आज्जींना बोलावलं आणि लेकीची हौस पुरी झाली. तांदूळ पाणी स्वच्छ येईपर्यंत धुतले, अर्धा तास भिजवले, शिजवताना कोंबूचा (वाळवलेल्या समुद्री शेवाळाचा) तुकडा टाकला, व्हिनेगर-साखर-मीठ वेगळं गरम करून लाकडी टबात गरम भातावर ओतलं आणि लाकडी उलथन्याने कापल्यासारखं हलवलं, आपण उकड मळतो तसं अजिबात दाबायचं नाही, आणि लेक बाजूला बसून पंख्याने वारा घालत होती. नुसत्या भाताला सव्वा तास गेला. त्यामुळे दीड तासात मार्केट, भात, मासे कापणं आणि जेवण असं जो लिहितो त्याच्याकडे भात पाकिटातलाच असणार, हे गणित घरबसल्या करता येतं. आज्जी म्हणाल्या निगिरी (भाताच्या गोळ्यावर मासा ठेवलेली सुशी) आम्ही घरी फारशी करत नाही, ती दुकानात जाऊन खायची, घरी तेमाकी, म्हणजे नोरीत (शेवाळाच्या पातळ पापडीत) भात आणि काय हवं ते घालून कोन वळायचा. नवऱ्यासाठी त्यांनी सूप नुसत्या कोंबूच्या दाशीवर केलं.

पैशांचं सांगायचं तर, बुकिंग साइटला फॉर्मचा फोटो आणि भाषांतर पाठवलं. त्यांचं उत्तर, ॲक्टिव्हिटी पूर्ण झालेली दिसते, सोबत पुरावा म्हणून तो हाप्पी कोटातला हसरा फोटो आणि लेकीचा पाच स्टारचा रिव्ह्यू. म्हणजे तो फोटो काढला होता तो यासाठी. मग आम्ही दोन गोष्टी केल्या. कार्डाच्या बँकेकडे त्या 21,000 येनसाठी डिस्प्यूट टाकला, कारण ही रक्कम बुकिंगमध्ये नव्हती आणि टिक आम्ही केलेली नव्हती, कागद सगळे जोडले. आणि लेकीने रिव्ह्यू एडिट करून एक स्टार केला, फॉर्मचा फोटो लावून. तासाभरात क्लासवाल्यांचा मेसेज, मोठा गैरसमज झाला, रिव्ह्यू काढा, निम्मे पैसे परत देतो. आम्ही लिहिलं आधी सगळे द्या. त्यावर उत्तर नाही. जपानमध्ये नॅशनल कन्झ्युमर अफेअर्स सेंटरची खास टूरिस्टसाठी हेल्पलाइन आहे, इंग्रजीत बोलतात, हे बहिणीला तेव्हा आठवलं नाही, तिथे असतानाच फोन केलेला बरा.

साइटने शेवटी थोड्या रकमेचं व्हाउचर दिलं जे त्याच साइटवर वापरायचं, ते तसंच पडलंय. बँकेचा निकाल अजून यायचाय. तेच ताट, तोच हाप्पी कोट असलेलं लिस्टिंग परवा लेकीला वेगळ्या नावाने दिसलं, या वेळी किंमत 9,800 आणि भेटायची वेळ दुपारी दोन.