घटीचोर : मुद्रा एक नंबर, नियमांचं पुस्तक मात्र अर्धवट

काळाशी खेळणारा कुठलाही गेम असो, मी आधी एकच बघतो, वेळ मागे फिरवली तर त्याचा भुर्दंड कोण भरतो? बहुतेक ठिकाणी कोणीच भरत नाही, मंत्र म्हटला की झालं काम. घटीचोर मला आवडला तो याच्यासाठी की इथे फुकट काहीच नाही. इंदोरच्याच पोरांनी बनवलेला बोर्ड गेम आहे, विजयनगर साइडच्या एका गेम कॅफेत मिळाला, किंमत ९५० रुपये, जरा जास्तच वाटली पण ठीक आहे.

तर दुनिया अशी की एका राज्यात सगळ्या गावांची वेळ मिळून एकच साठा आहे आणि लेखनिक लोक पाटीवर मुद्रा, म्हणजे मंत्रासारखी एक खूण, काढून त्यातून घटी उचलतात. बोर्डावर गोल चक्र, ६० घरं, एक घर म्हणजे एक घटी. आपल्या पंचांगातलीच घटी, २४ मिनिटांची, ६० झाल्या की दिवस पुरा. तुम्ही ३ घटी मागे गेलात तर त्या ३ कुठल्यातरी गावाच्या खात्यातून जातात, तिथली विहीर आटते नाहीतर पीक उभ्या उभ्या वाळतं, आणि ते गाव बऱ्याचदा शेजारी बसलेल्या माणसाचं असतं. मग बघा टेबलावर काय होतं ते.

मुद्रा हात न उचलता एका दमात काढायची, मध्ये हात उचलला की मुद्रा फुटली आणि चाल गेली. आमच्या आजोबांनी पाटी हातात घेतली आणि म्हणाले अरे ही तर मोडीची चाल आहे, आधी वर रेघ ओढा आणि खाली अक्षरं लटकवत चला. जुने होळकरी कागद वाचलेला माणूस, त्यांची मुद्रा एकदाही फुटली नाही, आम्ही सगळे फोडून राहिलो होतो.

सगळ्यात भारी मुद्रा म्हणजे उसनवारी. तुमच्याच उद्याच्या घटी आज वापरायच्या, पण पुढच्या फेरीत व्याजासकट परत, नाही दिल्या तर तुमचा लेखनिक म्हातारा होतो आणि त्याचा हात थरथरतो म्हणून मुद्रा डाव्या हातानं काढावी लागते!! हे ज्याला सुचलं त्याला माझ्याकडून सराफ्यात भुट्टे का कीस. आमची मावशी पतपेढीत होती, तिनं एकदाही उसने घेतले नाहीत आणि शांतपणे जिंकली.

माध्यान्ह मुद्रा पण डोकं लावून केलीय. प्रत्येक गावाची दुपार वेगळी, त्या गावाची सावली सगळ्यात लहान असेल तेव्हाच मुद्रा चालते. पोरांना हे पटेना, घड्याळात बारा म्हणजे बारा ना? तर नाही. इंदोर साधारण ७६ रेखांशावर, आणि आपलं घड्याळ चालतं साडेब्याऐंशीच्या हिशोबानं, एका अंशाला ४ मिनिटं, म्हणजे इथे सूर्य माथ्यावर येतो तो घड्याळातल्या बाराच्या साधारण २६-२७ मिनिटांनी, महिन्यागणिक थोडं पुढेमागे. उज्जैनच्या वेधशाळेत सम्राट यंत्राची सावली आणि मनगटावरचं घड्याळ जुळत नाही ते याच्यामुळेच. पोरांना घेऊन जा तिथे, गेमपेक्षा स्वस्त पडेल.

आता रडगाणं. उलट मुद्रा अर्धीच विचार करून सोडलीय. ३ घटी मागे गेलो, सोंगट्या जागेवर ठेवल्या, पत्ते परत गड्डीत गेले, पण मधल्या वेळेत मी जे पत्ते बघितले त्याचं काय? पुस्तकात लिहिलंय की खेळाडूंनी ते विसरावं. अरे भाऊ, कसं विसरायचं? वरून तिसरा पत्ता दुष्काळाचा आहे हे आता अख्ख्या टेबलाला माहीत. आम्ही घरचा नियम केला, उलट पडली की गड्डी पिसायची आणि ज्यानं उलट काढली त्यालाच फक्त वरचा एक पत्ता बघायला मिळणार. एकदम सुधारला गेम, बनवणाऱ्यांनी खुशाल उचलावा.

दुसरं, स्तंभ आणि ताण या दोन मुद्रांत फरक फक्त एका टिंबाचा. एक वेळ थांबवते, दुसरी लांबवते, आणि रात्री पिवळ्या बल्बखाली टिंब कोणाला दिसतंय, त्याच्यावरून दोघा भावांत जी जुंपली ती काकूंनी पोहे आणले तेव्हा थांबली. पुस्तक हिंदी आणि इंग्रजीत आहे, मराठी नाही, इंदोरात बनवून मराठी नाही म्हणजे जरा लागलंच. वाळूचं घड्याळ मात्र छान जड काचेचं दिलंय.

चार-पाच जण असाल तर नक्की घ्या, दोघांत मजा नाही, भुर्दंड टाकायला तिसरं गाव लागतंच. दहा वर्षांखालच्या पोरांना व्याजाचा हिशोब झेपत नाही, त्यांना स्तंभ मुद्रेवर पुतळा होऊन बसायला द्या, खूश राहतात. मार्कर डब्यात एकच येतो आणि पाटीवरून नीट पुसला पण जात नाही, खडूची साधी पाटी घेऊन टाका.